मॉडिफाइड स्टार्चचा धंदा: भाव मक्याचा, कमाई केटलपाशी

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. वडिलांचा गुलटेकडीच्या मार्केट यार्डात भुसार मालाचा जुना व्यापार, तुम्ही फूड टेक्नॉलॉजी शिकलात, आणि आता खाद्य मॉडिफाइड स्टार्चचा, म्हणजे सॉस-ग्रेव्हीत टिकावा म्हणून प्रक्रिया केलेल्या स्टार्चचा, व्यापार सुरू करायचा विचार आहे. मका उतरला आहे, तर आत्ताच गोदाम भरून ठेवावे का? देशी माल धरावा की थायलंडचा? आणि ‘क्लीन लेबल’च्या, म्हणजे पाकिटावर रसायनांची नावे-नंबर नकोत या, लाटेत हा धंदा पाच-सात वर्षांत बुडणार तर नाही ना? मी आधी सॉसच्या कारखान्यात हा माल वापरला आणि नंतर बरीच वर्षे विकला, तेव्हा आडपडदा न ठेवता सांगतो. धंदा जरूर करा, पण भुसारासारखा करू नका. भुसारात भाव हेरणारा कमावतो. इथे गिऱ्हाइकाच्या केटलपाशी, म्हणजे सॉस शिजवायच्या मोठ्या भांड्यापाशी, उभा राहून त्याची अडचण सोडवणारा कमावतो.

तरी सुरुवात मक्यापासूनच करू, कारण तुमच्या घरात मक्याचा भाव रोज बोलला जातो आणि ती मोठी शिदोरी आहे. स्टार्चच्या कारखान्यात १०० किलो मका गेला की साधारण ६२ ते ६५ किलो स्टार्च निघतो. बाकीचे जर्म, ग्लुटेन, फायबर आणि भिजवणीच्या पाण्यातून आटवलेला अर्क. २०२५-२६ साठी मक्याचा हमीभाव २,४०० रुपये क्विंटल होता. या भावाने घेतलेला मका धरला तर एक किलो स्टार्चमागे ३७ ते ३९ रुपयांचा नुसता मकाच लागतो. जोडउत्पादनांचे पैसे त्यातून वजा होतात. वीज, वाफ, मजुरी आणि सांडपाण्याचा खर्च वर चढतो. मका किलोला दोन रुपयांनी हलला की साधा स्टार्च तीन रुपयांनी हलायला हवा, असा ढोबळ ठोकताळा आम्ही धरतो.

पण गेल्या दोन-तीन वर्षांत हा ठोकताळा पुरेनासा झाला आहे, आणि त्याचे कारण पेट्रोलमध्ये मिसळायचे इथेनॉल. डिसेंबर २०२३ मध्ये केंद्राने उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर बंधने घातली. लगेच जानेवारीत मक्यापासूनच्या इथेनॉलचा खरेदीदर लिटरला ७१.८६ रुपये झाला. एक टन मक्यातून ३७० ते ३८० लिटर इथेनॉल निघते, म्हणजे डिस्टिलरीच्या हातात टनामागे २६-२७ हजार रुपये इथेनॉलचेच आले. ज्याचा विक्रीदर सरकारने बांधून दिला आहे असा खरेदीदार बाजारात उतरल्यावर स्टार्चवाल्याची आणि पोल्ट्रीवाल्याची काय कथा! मका निर्यात करणारा आपला देश २०२४ मध्ये म्यानमार आणि युक्रेनकडून मका आणू लागला. त्याच वर्षी जूनमध्ये सरकारने ५ लाख टनांपर्यंत मका १५ टक्के इतक्या सवलतीच्या आयातशुल्काने आणायची मुभा दिली. पुढे जानेवारी २०२५ मध्ये अन्न महामंडळाचा तांदूळ डिस्टिलऱ्यांना २,२५० रुपये क्विंटलने मिळू लागला, इकडे शेतकऱ्यांनी मक्याचा पेराही वाढवला होता, आणि २०२५ च्या खरिपाचा मका अनेक बाजारांत हमीभावाच्या खाली गेला. आज तुम्हाला दिसतो आहे तो उतार हाच. खान्देशात, येवल्याकडे, मराठवाड्यात ज्यांनी भरवशाने मका लावला त्यांना त्याची झळ बसली आहे. आपण ‘स्वस्त कच्चा माल’ म्हणतो तेव्हा ते पैसे कोणाच्या खिशातून गेले, याची जाण असू द्या.

यातला एक धागा बहुतेकांच्या नजरेतून सुटतो. इथेनॉल करून उरलेला धान्याचा प्रथिनयुक्त चोथा, म्हणजे डीडीजीएस, पशुखाद्याच्या बाजारात ढिगाने आला आणि स्वस्तात विकला गेला. सोयापेंड पडली, त्याबरोबर स्टार्च कारखान्यांच्या ग्लुटेनला आणि फायबरला मिळणारा भावही दबला. वर म्हटले तसे, स्टार्चचा परवडता दर या जोडउत्पादनांच्या पैशांवर टेकलेला असतो. ते कमी आले की मका उतरूनही स्टार्च तितका उतरत नाही. ‘मका १५ टक्क्यांनी पडला, तुमचा माल का नाही पडला?’ असे खरेदी अधिकारी विचारतोच, आणि याचे उत्तर तुम्हाला मांडून देता आले पाहिजे. मक्याबरोबर सोयापेंड आणि डीडीजीएसचा भाव लिहून ठेवायची सवय लावून घ्या, शिवाय अन्न महामंडळाच्या तांदळाबाबतचे निर्णयही. पाच वर्षांपूर्वी स्टार्चवाल्याला तांदळाकडे बघायचे काही कारण नव्हते.

म्हणून साठ्याबद्दल माझे उत्तर स्पष्ट ‘नाही’ असे आहे. साध्या स्टार्चमध्ये मक्याचा वाटा मोठा, मॉडिफाइडमध्ये तो त्यामानाने कमी. रसायन, प्रक्रियेचा वेळ, धुलाई, वाळवणी आणि तपासणी यांचा वाटा वाढतो. मका २० टक्के वाढला म्हणून तुमच्या गोदामातला मॉडिफाइड स्टार्च २० टक्क्यांनी महाग विकला जाणार नाही. शिवाय मका कोणीही घेतो, पण अमुक सॉससाठी नेमलेला ग्रेड त्या सॉसवालाच घेतो. त्याने रेसिपी बदलली की तुमची २०० पोती कोणाच्याच कामाची नाहीत. पैज लावायचीच असेल तर ती मक्यावर लावा, तो तुमच्या वडिलांचा प्रांत आहे. स्टार्चमध्ये कारखान्याशी तिमाही दर ठरवा, गिऱ्हाइकालाही तिमाहीच द्या, आणि हातात सहा-आठ आठवड्यांच्या खपाएवढाच माल ठेवा.

आता मालाविषयी, कारण भुसारातून येणाऱ्याची इथेच गफलत होते. किराणा दुकानात ‘कॉर्नफ्लोअर’ म्हणून मिळतो तो साधा मका स्टार्च. तो पाण्यात शिजवला की त्याचे कण साधारण ६२ ते ७२ अंशांना फुगतात, मिश्रण दाट होते, आणखी उकळले किंवा घुसळले की कण फुटतात आणि दाटपणा ढासळतो. थंड झाल्यावर त्यातल्या अमायलोजच्या, म्हणजे स्टार्चमधल्या सरळ, साखळ्या एकमेकींना बिलगतात, जेली बसते आणि दोन-चार दिवसांनी पाणी सुटते. मक्यात अमायलोज सुमारे २५ टक्के असते, टॅपिओकात, म्हणजे कसावा या साबुदाण्याच्या कंदाच्या स्टार्चमध्ये, १७ च्या आसपास, म्हणून टॅपिओकाची खळ जास्त पारदर्शक राहते आणि तिला धान्याचा वासही नसतो. मॉडिफिकेशन म्हणजे या दोन दुखण्यांवरचा इलाज. कण फुटू नयेत म्हणून साखळ्यांना जागोजागी टाके घालायचे, हे क्रॉसलिंकिंग. पाणी सुटू नये म्हणून साखळ्यांवर ॲसिटिल किंवा हायड्रॉक्सीप्रोपिल गट बसवायचे, म्हणजे त्या एकमेकींना चिकटत नाहीत. १४२२ आणि १४४२ या बाजारातल्या सर्वात चालत्या दोन नंबरांत (हे ॲडिटिव्हचे आंतरराष्ट्रीय, म्हणजे आयएनएस, नंबर) हे दोन्ही इलाज एकत्र आहेत. १४२२ म्हणजे ॲसिटिलेटेड डायस्टार्च ॲडिपेट, १४४२ म्हणजे हायड्रॉक्सीप्रोपिल डायस्टार्च फॉस्फेट. ढोबळ मानाने सॉस आणि फळांच्या फिलिंगला १४२२ पुरतो. फ्रीझरमध्ये जाऊन पुन्हा गरम होणाऱ्या ग्रेव्हीला १४४२ लागतो.

तुमचे पहिले गिऱ्हाईक बहुधा भोसरी, चाकण किंवा शिरवळच्या पट्ट्यातला शेजवान सॉस, मोमो चटणी, पिझ्झा सॉस करणारा मध्यम कारखानदार असेल. तो म्हणेल, ‘साधा स्टार्च ४० ला मिळतो, तुमचा ७५ चा कशाला घेऊ?’ हे आकडे मी उदाहरणापुरते घेतो आहे. त्याच्याच वहीवर हिशेब मांडा. ५०० किलोच्या केटलला साधा स्टार्च ५ टक्के म्हणजे २५ किलो, हजार रुपये. मॉडिफाइड साडेतीन टक्क्यांत भागला तर साडेसतरा किलो, १,३१२ रुपये. फरक केटलमागे सव्वातीनशेच्या आत, किलोमागे ६२-६३ पैसे. सॉस ८० रुपये किलोने जात असेल तर त्या केटलमधला जेमतेम चार किलो माल पाणी सुटून परत आला की हा फरक वसूल झाला, आणि परत आलेल्या मालाबरोबर वितरकाचा विश्वास जातो तो वेगळाच. ही बोलणी किलोच्या दरावर होऊ दिलीत तर हरलात. ती केटलच्या खर्चावर आणा.

आणि उलटही खरे आहे. ज्या मालाला साधा स्टार्च पुरतो त्याला महाग माल गळ्यात मारू नका. दोन दिवसांत संपणाऱ्या, आम्ल नसलेल्या हॉटेलच्या सूपला मॉडिफाइडची गरज नाही. हे तुम्ही स्वतःहून सांगितलेत तर तो माणूस पुढच्या प्रत्येक अडचणीला तुम्हालाच फोन करेल.

मागणी कुठे वाढते आहे? मला सर्वात ठळक दिसते ती अंड्याविना मेयोनीजमध्ये. आपल्याकडे मेयोनीज मुळातच ‘व्हेज’ जास्त खपते, आणि अंडे काढले की तेल-पाणी धरून ठेवायचे आणि चमच्यावर उभे राहायचे, ही दोन्ही कामे स्टार्चकडे येतात. त्यातच कच्च्या अंड्याच्या मेयोनीजवर तेलंगणाने ऑक्टोबर २०२४ मध्ये आणि तमिळनाडूने एप्रिल २०२५ मध्ये वर्षभराची बंदी घातली. सँडविच, मोमो, फ्रँकी विकणाऱ्यांचा कल आणखी त्याच बाजूला झुकला. या मालात दोन प्रकारचे स्टार्च लागतात: दाटपणासाठी क्रॉसलिंक केलेला, बहुतेकदा थंड पाण्यात फुगणारा, आणि तेलाचे थेंब धरण्यासाठी १४५०, ज्याला आम्ही ओएसए स्टार्च म्हणतो.

या १४५० कडे तरुण माणसाने विशेष लक्ष द्यावे. त्याला पाणी आणि तेल दोन्हीची ओढ असते, म्हणून फ्लेवरची पावडर करताना आणि शीतपेयांच्या इमल्शनमध्ये तो अरबी डिंकाच्या जागी बसतो. जगाच्या अरबी डिंकाचा फार मोठा हिस्सा सुदानमधून येतो, आणि तिथे एप्रिल २०२३ पासून युद्ध चालू आहे. डिंकाचा पुरवठा डळमळीत झाल्यावर ज्या फ्लेवरवाल्यांनी नाइलाजाने १४५० घेऊन पाहिला, त्यांच्यातले बरेचजण त्यावरच राहतील असे मला वाटते. कारण तो दर खेपेला सारखा येतो आणि कमी मात्रेत काम भागवतो. याचे खरेदीदार मोजकेच असतात आणि माल शिकून विकावा लागतो. नफा मात्र इथेच बरा आहे.

बाकी मागणी ओळखीचीच: हॉटेलांना जाणाऱ्या तयार ग्रेव्ह्या, १२१ अंशांच्या रिटॉर्टमधून, म्हणजे निर्जंतुक करणाऱ्या दाबाच्या भांड्यातून, जाणारी पाकिटे, बेकरीची फिलिंग, जेलीच्या गोळ्यांना आम्लाने पातळ केलेला १४०१, मसाला शेंगदाण्याच्या आवरणाला ऑक्सिडाइज्ड १४०४. कस्टर्ड पावडर तर पुण्याला नवी नाही. वीकफील्डसारखी कंपनी याच गावची. पण हे मोठे लोक कारखान्यांकडून थेट घेतात, तिथे व्यापाऱ्याला शिरकाव कठीण. तुमची जागा महिन्याला पाच-पन्नास पोती घेणाऱ्यांमध्ये आहे. मोठ्या कंपनीचा तंत्रज्ञ त्यांच्याकडे जात नाही, आणि त्यांच्याकडे स्वतःची प्रयोगशाळा नसते.

देशी की आयात, याचे सरसकट उत्तर नाही. मक्यावरचा माल देशीच घ्या. दोंडाईचा, शिरपूर, चाळीसगाव या खान्देशच्या पट्ट्यात मोठे स्टार्च कारखाने आहेत, गुजरात आणि कर्नाटकातही आहेत. ट्रक दिवस-दोन दिवसांत पुण्यात येतो आणि तक्रार निघाली तर माणूस समोर बसवता येतो. नेहमीच्या सॉसच्या १४२२ साठी आयातीची गरज आता उरलेली नाही. आयातीचा विचार दोन ठिकाणी करा. एक, वॅक्सी मका, म्हणजे ज्यात जवळजवळ सगळे अमायलोपेक्टिनच, म्हणजे फांद्या असलेल्या साखळ्याच, असते. त्याचे पीक आपल्याकडे फारसे नाही. दोन, टॅपिओकावरचा मॉडिफाइड स्टार्च, ज्यात थायलंडचा हात कोणी धरत नाही.

थायलंड हा टॅपिओका स्टार्चचा जगातला सर्वात मोठा निर्यातदार आणि चीन सर्वात मोठा ग्राहक. त्यामुळे तुमच्या बँकॉकच्या भावाची किल्ली बीजिंगकडे असते. चीनमध्ये मका स्वस्त झाला की तिथले कारखाने टॅपिओकाऐवजी मक्याकडे वळतात आणि थाई भाव घसरतो. तिथे मका तापला की उलट. दुसरी किल्ली रोगाची. कसाव्याच्या पानांवरचा मोझेक रोग २०१५ मध्ये कंबोडियात दिसला, पांढऱ्या माशीबरोबर आणि रोगट बेण्याबरोबर पसरत २०१८ मध्ये थायलंडमध्ये पोचला, आणि तेव्हापासून कंदांच्या पुरवठ्यावर त्याची टांगती तलवार आहे.

देशातला टॅपिओका स्टार्च मुख्यतः तमिळनाडूतल्या सेलमच्या परिसरातून येतो, आणि तिथे त्याच कंदापासून साबुदाणाही होतो. श्रावण आणि नवरात्राच्या आधी पुण्या-मुंबईची साबुदाण्याची खरेदी वाढते, कारखाना साबुदाण्याकडे वळतो आणि स्टार्चवाल्याला ‘पुढच्या आठवड्यात बघू’ असे उत्तर मिळते. वडिलांना साबुदाण्याचा बाजार ठाऊक असेलच, त्यांची ती जाण इथे सरळ पैसे वाचवते. आषाढातच सेलमची ऑर्डर पक्की करून ठेवा.

आयात करायचीच तर कागदपत्रे आधी, दर नंतर. साधा स्टार्च सीमाशुल्काच्या ११०८ या शीर्षाखाली येतो, डेक्स्ट्रिन आणि मॉडिफाइड स्टार्च ३५०५ खाली. यातली मेख अशी की आधीच शिजवून वाळवलेला, म्हणजे प्रिजेलॅटिनाइज्ड स्टार्च, त्याला कोणतेही रसायन लागलेले नसले तरी ३५०५ मध्येच जातो. अन्नाच्या लेबलवर जो ‘मॉडिफाइड’ नाही तो कस्टम्सच्या लेखी मॉडिफाइड असू शकतो. माल्टोडेक्स्ट्रिनचेही, म्हणजे स्टार्च अर्धवट तोडून केलेल्या पावडरीचेही, तसेच आहे: कोरड्या वजनावर रिड्यूसिंग शुगर १० टक्क्यांच्या वर गेली की ३५०५ सोडून साखरेच्या १७०२ खाली हिशेब होतो. आसियान कराराची शुल्कसवलत मागणार असाल तर मूळ देशाचे नुसते प्रमाणपत्र पुरत नाही. २१ सप्टेंबर २०२० पासूनच्या नियमांप्रमाणे माल खरोखर त्या देशात कसा तयार झाला याची माहिती आयातदाराने स्वतःजवळ ठेवावी लागते. मका किंवा मक्याचा माल बाहेरून येत असेल तर जनुकीय बदल नसल्याचे प्रमाणपत्र मार्च २०२१ पासून सक्तीचे आहे का, आणि तुमच्या नेमक्या मालाला ते लागते का, हे न्हावाशेवाच्या जाणत्या कस्टम एजंटाकडून माल निघण्यापूर्वी लेखी घ्या. बंदरात कंटेनर अडकल्यावर दिवसागणिक चढणारे भाडे तुमचा सगळा नफा खाऊन टाकते. युरोपचा बटाटा स्टार्च आणणाऱ्यांनी तर २०२३ च्या अखेरीपासून तांबड्या समुद्राची वाट धोक्याची झाल्यावर आफ्रिकेला वळसा घालून येणाऱ्या मालाची वाट पाहिली आहे. कंटेनरभर गिऱ्हाइकी जमेपर्यंत आयात एखाद्या जुन्या आयातदाराकडून पोत्याने घ्या. किलोमागे चार रुपये जास्त जातील, झोप नीट लागेल.

आता क्लीन लेबल. ही लाट खरी आहे, पण ती सगळीकडे सारखी नाही. युरोपात उष्णता, वाफ, ओलावा अशा भौतिक प्रक्रियेने सुधारलेला स्टार्च ॲडिटिव्ह धरला जात नाही. लेबलवर नुसते ‘कॉर्न स्टार्च’ लिहिता येते. असा माल तिथे १९९० च्या दशकापासून विकला जातो आहे. इन्ग्रेडियन, कारगिल, टेट अँड लाइल, रॉकेट या मोठ्या कंपन्यांचा जोर आज त्यावर आहे. आपल्याकडे लेबलवर आयएनएस नंबर येतो, आणि मोबाइलवर पाकिटे वाचून दाखवणाऱ्या मंडळींमुळे ‘१४२२’ हा आकडाच काहींना विषासारखा वाटू लागला आहे. ही भीती निराधार आहे. संयुक्त राष्ट्रांची अन्न व कृषी संघटना आणि जागतिक आरोग्य संघटना यांच्या संयुक्त तज्ज्ञ समितीने मान्य मॉडिफाइड स्टार्चना रोजच्या सेवनाची आकड्यातली मर्यादा घालायची गरज मानलेली नाही. युरोपच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाने २०१७ मध्ये फेरतपासणी करून तेच म्हटले. गिऱ्हाइकाने विचारले तर हे ठामपणे सांगा. पण ग्राहकाला छोटी, ओळखीच्या शब्दांची यादी हवी असेल तर तो त्याचा हक्क आहे, त्याच्याशी वाद घालून माल विकला जात नाही.

माझा अंदाज असा: निर्यात करणारे आणि महाग बाटली विकणारे येत्या काही वर्षांत भौतिक प्रक्रियेच्या स्टार्चकडे सरकतील. ६० रुपयांची शेजवान चटणी विकणारा इतक्यात नाही सरकणार, कारण तो माल बराच महाग असतो आणि जास्त आम्ल, जास्त उष्णता किंवा वारंवार गोठवणे यांपुढे १४४२ इतका टिकत नाही. सुरुवातीपासूनच असे एक-दोन ग्रेड जवळ ठेवा, विक्री थोडी असली तरी चालेल. ज्याला आज १४२२ देताय, तोच उद्या दुबईचा खरेदीदार घेऊन येईल आणि विचारेल, ‘नंबर न लिहिता काय होईल?’ हलाल प्रमाणपत्रही त्या वेळी शोधत बसू नका, कारखान्याकडून आधीच मागून ठेवा.

आता ज्याबद्दल मला मनापासून कळकळ आहे ते. तुमच्याकडे लवकरच दोन प्रकारची माणसे येतील. एक विचारेल, पनीर किंवा खव्यात किती स्टार्च चालेल. उत्तर: अजिबात नाही. पनीर दुधाचेच असते. त्यात स्टार्च घालून पनीर म्हणून विकणे ही भेसळ आहे आणि आयोडिनच्या थेंबाने निळे पडून ती उघडी पडते. दुधाव्यतिरिक्त घटकांचा ॲनालॉग, म्हणजे पनीरसारखा, माल करायचा तर तसे ठसठशीत लिहून करावा. लपवून करणाऱ्याला एक पोतेही देऊ नका, रोख दिले तरी. दुसरा माणूस तुम्हाला स्वस्त माल देऊ करेल: ऑक्सिडाइज्ड स्टार्च, निम्म्या दरात, पोत्यावर नाव पुसट. तो कागदाच्या किंवा कापडाच्या कारखान्यासाठी केलेला असतो. तोच रसायनगट असला तरी खाद्य मालासाठीच्या मर्यादा त्याला लावलेल्या नसतात, कधी कधी धुलाईही पुरेशी नसते. खाद्य ग्रेडमध्ये ॲसिटिल गट अडीच टक्क्यांच्या आत, हायड्रॉक्सीप्रोपिल सात टक्क्यांच्या आत, प्रोपिलीन क्लोरोहायड्रिन १ पीपीएमच्या, म्हणजे दहा लाखांत एका भागाच्या, आत, आणि धान्याच्या मॉडिफाइड स्टार्चमध्ये सल्फर डायऑक्साइड ५० पीपीएमच्या आत असावे, असे आंतरराष्ट्रीय निकष आहेत. प्रत्येक बॅचच्या तपासणी अहवालात हे आकडे मागा, आणि वर्षातून एकदा स्वतःच्या पैशाने मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत पडताळून घ्या. हे अन्न लोकांच्या, त्यांच्या मुलांच्या पोटात जाते.

रोजच्या तपासणीला मोठे यंत्र लागत नाही. प्रत्येक खेपेतून शंभर-दोनशे ग्रॅम नमुना काढून तारीख घालून ठेवा. ५ टक्क्यांचे पाण्यातले मिश्रण करा, सायट्रिक ॲसिडने पीएच साडेतीनपर्यंत आणा, ९० ते ९५ अंशांवर २० मिनिटे शिजवा, अर्धे जोरात घुसळा आणि अर्धे तसेच ठेवा. दोन्हींच्या दाटपणात फारसा फरक नसेल तर क्रॉसलिंकिंग ठीक आहे. मग बरणीत भरून फ्रीजमध्ये आठवडाभर ठेवा आणि वर पाणी सुटते का पाहा. दुसरा नमुना फ्रीझरमध्ये गोठवून वितळवा, असे तीन-चार वेळा करा. साधा, विद्यार्थ्यांचा मायक्रोस्कोप घेतलात तर आयोडिनचा थेंब टाकून शिजलेले कण बघता येतात: गुबगुबीत, अखंड निळे कण म्हणजे शिजणे बरोबर, चिंध्या झालेले कण म्हणजे जास्त शिजले किंवा माल कमी टाक्यांचा, अंगाने बारीकच राहिलेले कण म्हणजे कच्चे. सॉस पातळ झाल्याची तक्रार आली की बहुतेकजण स्टार्चला दोष देतात. मी आधी गिऱ्हाइकाच्या सॉसचा थेंब काचेवर घेतो. निम्म्या वेळा कण कच्चे असतात, कारण साखर आणि मीठ आधीच घातल्याने पाणी स्टार्चला मिळालेलेच नसते. केटलमध्ये घालायचा क्रम बदलला की त्याच मालात सॉस उभा राहतो. अशी एक अडचण सोडवलीत की ते गिऱ्हाईक दहा-वीस पैशांसाठी दुसरीकडे जात नाही.

उधारीबद्दल एकच गोष्ट. लघुउद्योगांचे पैसे ४५ दिवसांत चुकते करण्याच्या नियमाचा आधार उत्पादकांना आणि सेवा देणाऱ्यांना आहे. व्यापाऱ्याला उद्यम नोंदणी मिळते, पण ती बँकेच्या प्राधान्य कर्जापुरती; थकलेल्या बिलासाठी त्या नियमाकडे बोट दाखवता येणार नाही. कारखाना तुमच्याकडून ३० दिवसांत पैसे घेणार आणि सॉसवाला ९० दिवस लावणार, हे धरूनच भांडवल मोजा आणि सुरुवातीला गिऱ्हाइके कमी ठेवा.

राहिली वडिलांच्या गोदामाची गोष्ट. तिथे हा माल ठेवू नका. स्टार्च वास आणि ओलावा दोन्ही शोषतो. मिरची-धण्याच्या पोत्यांशेजारी महिनाभर राहिलेला स्टार्च व्हॅनिला कस्टर्डला चालत नाही, धान्यासाठी केलेल्या धुरीचा प्रश्न वेगळाच, आणि पावसाळ्यात पुण्याच्या दमट हवेत खालच्या थरातली कागदी पोती गठ्ठा धरतात. वेगळी, कोरडी खोली घ्या, लाकडी पॅलेटवर, भिंतीपासून हातभर सोडून माल लावा, त्या पत्त्यावर अन्न परवाना काढा. आयात करणार असाल तर केंद्रीय परवाना लागेल. कात्रज किंवा वाघोलीच्या बाजूला शेअरिंगमध्ये अशी जागा मिळते. सुरुवातीला ३०-४० पोत्यांची सोय झाली तरी पुरे.